मुळा उंच धरणारे लेलेकाका

लेलेकाकांना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्यांनी एका हातात पांढराशुभ्र मुळा उंच धरला होता आणि त्यांच्यामागून आठ-दहा माणसं मुकाट चालली होती. मुळाही साधासुधा नव्हे, हातभर लांब आणि मनगटाहून जाड असा जपानी मुळा. स्थळ, लंडनच्या एजवेअर रोडवर कॉलिंडेलजवळ असलेला जपानी बाजार. मी मुंबईहून नुकतीच एजवेअरला राहायला आले होते. महिनाभर फ्रोझन सुरमईवर दिवस काढल्यावर कुणीतरी सांगितलं की तिथे ताजी मासळी मिळते, म्हणून शनिवारी सकाळी एकटीच जाऊन धडकले, तर समोर हे निशाण. मला आधी वाटलं, मोर्चाच निघालाय.

"मुळ्याच्या मागे राहा!" निशाणवाले गृहस्थ अस्सल पुणेरी मराठीत ओरडले. "मुळा सोडाल तर भांड्यांच्या सेक्शनमध्ये हरवाल. मागच्या वेळी एक जोडपं असंच गेलं, ते चहाचा सेट घेऊनच उगवलं!"

मराठी ऐकून मी जागच्या जागी थांबले. त्यांनी लगेच ओळखलं.

"तुम्ही टूरमधल्या का?"

"नाही, मी आपली मासळी घ्यायला आलेय."

"मग टूरमधल्याच. फी नाही. प्रश्न शेवटी विचारायचे. चला."

आणि मी चालायला लागले. लेलेकाकांपुढे कुणाचं काही चालत नसे.

उंच, काटकुळा बांधा, वर्षभर तेच तपकिरी जाकीट, पायात मात्र पोरासोरांसारखे झगझगीत स्पोर्ट्स शूज. एका जहाज कंपनीच्या नोकरीत बरीच वर्षं टोकियोत काढली, मग लंडन, आणि रिटायर झाल्यावर एजवेअरला टुमदार घर. ते घर आमच्याच रस्त्यावर निघालं. मुलगा-सून रीडिंगला, आयटीत. काकू जाऊन थोडी वर्षं झालेली. महिन्यातल्या एका शनिवारी मराठी मंडळींना ते हा बाजार दाखवायचे. आधी मराठी मंडळातली चार माणसं यायची, मग त्यांचे पाहुणे, मग ऑफिसातले गोरे सहकारीसुद्धा. टूर संपली की निशाण घरी जायचं आणि रविवारी त्याची दही घालून कोशिंबीर व्हायची. "झेंडा खाता येईल असा गाइड अख्ख्या लंडनमध्ये दुसरा दाखव," असं ते मला अभिमानाने म्हणत.

टूरचे नियम दारातच सांगितले जायचे. मासळीला हात लावायचा नाही. भाव करायचा नाही. सुटे पैसे दुकानदाराने दोन हातांनी दिले तर आपणही दोन हातांनी घ्यायचे. आणि आत शिरल्याबरोबर सगळे विक्रेते एका सुरात "इराश्शाइमासे!" असं ओरडतात, त्याला उत्तर द्यायचं नाही. "ते 'या, या' म्हणताहेत. सगळ्यांनाच म्हणतात. आपण फक्त आत जायचं." हे ऐकून सगळे माना डोलवायचे, आणि पहिली आरोळी आली रे आली की अर्धी टूर "नमस्कार, नमस्कार", "हो हो, आलोच" म्हणत हात जोडायची. घरी कुणी 'या' म्हटल्यावर गप्प बसायची आपल्याला सवयच नाही. काका मुळा कपाळाला लावून उभे राहायचे.

मासळीच्या काउंटरवर मोरितासान असायचे, 'सान' म्हणजे आपलं 'राव'. बुटके, गंभीर, डोक्याला निळा रुमाल. काकांशी ते जपानीत बोलायचे आणि काकाही उलट जपानीतच, पण सूर थेट सदाशिव पेठेतला. मोरितासान एकेक मासा उचलून दाखवायचे आणि काका वर्णन करायचे. ते वर्णन ऐकायला मी पुढे दर वेळी गेले. माझं माहेर अलिबागचं, मासळीचं मला कुणी काही शिकवावं असं नव्हतं. पण अशी ओळख मी उभ्या जन्मात ऐकली नव्हती.

"हे माकूळ, म्हणजे स्क्विड. शहाळ्यातली मलई असते ना कोवळी, दाताला जरा अडखळणारी, तसं. हे सी अर्चिन, काटेरी कवचातलं. बघायला घाण वाटतं, पण जिभेवर खरवस! कमी गोडाचा. ही सामनची अंडी. डाळिंबाचा दाणा फुटावा तशी फुटतात, फक्त आत मीठ. हा ट्यूनाच्या पोटाचा भाग. ताकावरून काढलेला लोण्याचा गोळा. आणि हा ईल, सापासारखा लांब मासा, भाजून वर सॉस लावलेला. पुरणपोळीची कड तव्यावर जरा करपते आणि त्यावर गूळ चिकटतो, ती चव."

माणसं माना डोलवत. पुण्याच्या, जन्मात मासा न खाल्लेल्या बायकांच्याही तोंडाला पाणी सुटायचं.

टूरनंतर फूड कोर्टात बसून सगळे खायचे आणि काका टेबलांमधून फिरून हिशेब घ्यायचे. कसं लागलं? कुणी "छान!" म्हटलं की त्यांचा चेहरा उतरायचा.

"छान ही चव नाही. छान हा शेरा आहे, शाळेच्या वहीवरचा. कशासारखं लागलं ते सांगा."

मला तर त्यांनी या कामावर नेमूनच टाकलं. बाजारात नवीन काही आलं की शनिवारची वाट न पाहता आमची बेल वाजायची. "मीनल, हे शिंपले आलेत. खा आणि सांग." मी खायचे, ते माझ्या तोंडाकडे बघत उभे. मी एकदा म्हटलं, भिजवलेल्या काजूसारखं. ते खूश होऊन निघून गेले आणि पुढच्या टूरमध्ये माझे काजू सगळ्यांना वाटले. स्वतः मात्र ते कधी काही खाताना दिसत नसत. मला वाटायचं ॲसिडिटी असेल.

आणखी एक गोष्ट होती. काउंटरच्या टोकाला एक गुलाबी झाक असलेला, देखणा मासा बर्फावर आडवा असायचा. सी ब्रीम. त्याचं जपानी नाव ताई. "हसून घ्या," काका म्हणायचे, आणि लोक हसून घ्यायचे. मग ते सांगायचे की जपानात लग्नकार्याला हाच लागतो, मानाचा मासा आहे, आणि पुढे म्हणायचे, "याची चव मला माहीत नाही. चला." बस्स. कुणी सांगायला लागलं तर चक्क मुळा कानाशी धरायचे. मी एकदा घरी ताई करून खाल्ला आणि सांगायला म्हणून त्यांच्या दारात गेले. "अहो काका, तो ताई ना..." एवढंच म्हणाले असेन, त्यांनी दार लावून घेतलं. मग पत्र टाकायच्या फटीतून आवाज आला, "बाकी सगळं सांग. हे नको."

या सगळ्याचा उलगडा झाला तो हाउन्सलोच्या सावंतबाईंमुळे. सावंतबाई मूळच्या मालवणच्या, हीथ्रोवर सामान तपासायच्या कामाला. त्या आपल्या नेहाला घेऊन टूरला आल्या. नेहाचा जन्म इथलाच, युनिव्हर्सिटीत शिकणारी, मराठी आईच्या धाकाने बोलणारी. दारातले नियम सावंतबाईंनी नीट ऐकले. काउंटरसमोर आल्या, आणि काका माकूळ दाखवत असताना त्यांनी सरळ हात घालून एका बांगड्याचा कल्ला वर केला.

मोरितासान ताठ उभे राहिले. काकांचा मुळा हवेतच.

"बाई! हात लावायचा नाही म्हणून सांगितलं होतं!"

"कल्लो बघल्याशिवाय मासो घेतत काय कोणी?" सावंतबाईंना रागात मालवणीच सुचायची. मग जरा सावरून म्हणाल्या, "एअरपोर्टवर मी लोकांच्या बॅगा उघडून बघते. हा तर मासा आहे. अन् फिफ्टी पी कमी करायला सांगा त्यांना."

काकांनी जपानीत बरंच काही सांगितलं. भावाचं त्यांनी भाषांतर केलंच नाही असा मला दाट संशय आहे. मोरितासानने ऐकून घेतलं, सावंतबाईंकडे पाहिलं, मग स्वतःच्या हाताने दुसरा बांगडा उचलला, त्याचा कल्ला उघडला आणि दोन्ही हातांनी त्यांच्यापुढे धरला. आत लालभडक. सावंतबाईंनी मान तुकवली. "ह्येका म्हणतत ताजो." मोरितासानला मराठीही येत नव्हती आणि मालवणीही, पण ते पहिल्यांदाच हसले. त्या दिवशी त्यांनी एका मोठ्या माशाचं डोकं कागदात गुंडाळून सावंतबाईंना तसंच देऊन टाकलं, कारण डोक्याची किंमत कळणारं गिऱ्हाईक त्यांना या देशात विरळाच भेटायचं. पुढच्या टूरपासून मराठी मंडळी आली की ते आधी कल्ले उघडून दाखवायला लागले. काकांनी दारातला नियम बदलला. "हात लावायचा नाही. मोरितासान लावतील, आपण बघायचं."

त्याच दिवशी फूड कोर्टात काका टेबलापाशी आले तेव्हा नेहा सुशी खाता खाता म्हणाली, "काका, तुझा फेवरेट कुठली आहे?"

"तुझा नाही गो, तुमचा," सावंतबाईंनी टोकलं.

"तुमचा फेवरेट फिश. यू नो सो मच. आणि तू, आय मीन तुम्ही, काहीच नाही खाल्ला."

काका मुळा टेबलावर ठेवून खाली बसले. "मी शाकाहारी आहे," ते म्हणाले.

एक साहेब रीडिंगहून आलेले होते. त्यांनी काटा खाली ठेवला. "म्हणजे इतका वेळ तुम्ही आम्हाला गंडवत होतात? खरवस काय, लोणी काय!"

"चवी खऱ्या आहेत. जीभ माझी नाही, एवढंच," काका म्हणाले, आणि मग त्यांनी सांगितलं.

टोकियोला गेले तेव्हा काका-काकू दोघंही कट्टर शाकाहारी. शेजारची जपानी बाई रोज प्रेमाने सूप आणून द्यायची. त्यात दिसायला काय, तर पातीचा कांदा आणि टोफू. दोघंही वर्षभर ते ओरपत होते आणि पुण्याला पत्रांतून त्याची तारीफ करत होते. एक दिवस काकू ते शिकायला शेजारी गेल्या आणि कळलं की त्याचं पाणीच मुळी सुक्या माशाच्या किसाचं असतं. काकांनी त्या दिवसापासून सूप बंद केलं. काकूंनी रात्रभर विचार केला आणि सकाळी म्हणाल्या, "वर्षभर खाल्लंच आहे, तर आता नीट खाऊन बघते."

"मी म्हटलं, अगं, अजाणता खाल्लेलं मोजत नाहीत," काका म्हणाले. "ती म्हणाली, मग आता जाणून खाते, म्हणजे मोजता येईल."

तेव्हापासून दर रविवारी काकू मासळीबाजारात जायच्या आणि काका त्यांची कापडी पिशवी धरून मागे, तीच अजून टूरला काकांच्या खांद्यावर असायची. देवाधर्माचं काही नव्हतं, फक्त त्यांची जीभ धजायची नाही. पण काकू खाताना त्यांना चैन पडायचं नाही, म्हणून विचारायचे, कशासारखं लागतं? आणि काकू त्यांना समजेल अशा भाषेत सांगायच्या. खरवस त्यांचा. शहाळं त्यांचं. डाळिंब, लोणी, पुरणपोळीची कड, सगळं काकूंचं. इंग्लंडला आल्यावर हा बाजार सापडला तेव्हा त्या लहान मुलीसारख्या नाचल्या होत्या म्हणे. मोरितासानची ओळख त्यांचीच.

"फक्त ताईचं सांगितलं नाही कधी. तिचा सगळ्यात आवडता. विचारलं की म्हणायची, हे सांगणार नाही, हे तुम्ही एकदा स्वतः खाऊन बघायचं. मी म्हणायचो, पुढच्या रविवारी." काकांनी मुळा उचलून पुन्हा हातात घेतला. "रविवार बरेच होते तेव्हा."

रीडिंगच्या साहेबांनी काटा पुन्हा उचलला. नेहा म्हणाली, "सो, खाऊन बघ ना, काका." तिला कुणी टोकलं नाही.

"धजत नाही गं अजून," काका म्हणाले. "आणि एकदा खाल्ला की तिच्याकडून ऐकायचं काही उरत नाही."

मला ते त्या क्षणी फार आवडले, हे सरळ सांगून टाकते. त्यानंतर मी ताईचा विषय त्यांच्यापुढे कधी काढला नाही. मला त्याची एक उपमा सुचली होती, झकास होती, तीही माझ्यापाशीच ठेवली.

टूर्स चालू राहिल्या. आमच्यापैकी प्रत्येक जण त्या दिवसापासून ताईपाशी आला की काकांच्या चेहऱ्याकडे बघायचा. ते तेच म्हणायचे. "याची चव मला माहीत नाही. चला." पण आता जरा थांबून म्हणायचे.

मग बातमी आली की बाजार बंद होणार. जागेवर फ्लॅट्स यायचे होते. एकेक दुकान आवरायला लागलं, पुस्तकांचं गेलं, भांड्यांचं गेलं, हरवायलाही जागा उरली नाही. मोरितासान मुलीकडे जपानला परत जाणार होते. त्याच सुमारास काकांचे गुडघे कुरकुरायला लागले आणि मुलाने त्यांना रीडिंगला नेलं. एजवेअरचं घर रिकामं झालं. मला तो रस्ता एकदम मुका वाटायला लागला. पण बाजाराच्या शेवटच्या शनिवारी काका ट्रेनने, बसने, धडपडत आलेच. सावंतबाई आणि नेहाही आल्या. जुने टूरवाले मिळून बराच घोळका जमला. दाराशी मुळा विकत घेऊन काकांनी तो उंच धरला आणि आम्ही निघालो.

निम्मे काउंटर रिकामे होते. जे दोघं-तिघं विक्रेते उरले होते ते ओरडले, "इराश्शाइमासे!" आणि त्या दिवशी आमच्यातल्या एकूण एक माणसाने हात जोडून "नमस्कार" म्हटलं. काकांनीसुद्धा.

काकांनी सगळं वर्णन नेहमीसारखंच केलं, जे मासे नव्हते त्यांचंही. टोकाला ताई होता. एकच. काका त्याच्यापुढे उभे राहिले आणि पुढची वाक्यं म्हणेनात. मोरितासानने हात धुतले, स्वच्छ फडक्याला पुसले, तो मासा उचलला, कल्ला उघडून आधी सावंतबाईंना दाखवला आणि मग कापायला घेतला. पातळ, आरपार दिसतील अशा चकत्या. निळ्या बशीत गोल मांडल्या आणि दोन्ही हातांनी बशी काकांपुढे धरली.

काकांनी ती काउंटरवर ठेवली आणि मुळा माझ्या हातात दिला. "धर जरा."

मुळा चांगलाच जड होता. इतकी वर्षं त्यांनी तो वर कसा धरला असेल कोण जाणे.

त्यांनी पाणी मागितलं. ओंजळीत घेऊन बशीभोवती फिरवलं, जेवणाआधी आजोबा-पणजोबा पानाभोवती फिरवत आले तसं. हात जोडले. पलीकडून मोरितासाननेही हात जोडले आणि जपानी लोक जेवणाआधी म्हणतात ते "इतादाकीमास" पुटपुटले. काकांनी एक चकती बोटांनी उचलली. मग तोंडात ठेवली आणि डोळे मिटले.

सगळा घोळका त्यांच्या जबड्याकडे बघत होता. काकांनी फार सावकाश चावलं. गिळलं. डोळे उघडले. चष्मा काढून जाकिटाला पुसला आणि पुन्हा घातला. आम्ही वाट बघत होतो, खरवस म्हणतात, की शहाळं, की आणखी काही, जे अजून कुणालाच सुचलं नव्हतं.

"छान आहे," लेलेकाका म्हणाले.

सावंतबाईंनी तोंड उघडलं होतं. नेहाने त्यांचा हात दाबला. मोरितासान कमरेत वाकले आणि बराच वेळ वर आले नाहीत. काकांनी बशीतल्या उरलेल्या चकत्याही एकेक करून संपवल्या आणि आम्हाला कुणाला विचारलंसुद्धा नाही.

त्यानंतर काका मला फक्त फोनवर भेटले. मी दर वेळी विचारायचे, "काका, कशासारखं होतं, सापडलं का?" ते म्हणायचे, "शोधतोय. तू सांगू नकोस हं." आज-उद्या करता करता रीडिंगला जायचं राहूनच गेलं आणि मग जायला काका नव्हते. त्यामुळे शेवटचे लेलेकाका मला दिसतात ते त्या शनिवारचे, एजवेअर रोडवरच्या बसस्टॉपवर.

सगळ्यांचा निरोप घेऊन ते बसमध्ये चढले तेव्हा माझ्या लक्षात आलं, मुळा माझ्याच हातात राहिलाय. मी धावत गेले. दार बंद झालं होतं. मी फुटपाथवर उभी राहून मुळा दोन्ही हातांनी डोक्यावर धरला, जमेल तेवढा उंच. काका खिडकीशी बसले होते, मांडीवर काकूंची ती जुनी कापडी पिशवी. पण त्यांचं माझ्याकडे लक्ष नव्हतं. ते समोर कुठेतरी बघत होते आणि त्यांचं तोंड अजून हळूहळू हलत होतं.